दोन धरणं

आमचा खानापूर तालुका मूळचा सातारा जिल्ह्यातला. १९४९ साली दक्षिण सातारा नावाचा वेगळा जिल्हा झाला आणि १९६० साली त्याचं नाव सांगली पडलं. सरकारदरबारी रेघ ओढली गेली, पण सोयरिकी, बाजार, यात्रा आणि दुष्काळ यांनी ती रेघ कधी मानली नाही. माण-खटावात पाऊस गेला की आटपाडी-खानापुरात गेलाच म्हणून समजा. आणि याच मुलखाच्या पश्चिमेला, महाबळेश्वर-कोयनेच्या डोंगरात, पाच-पाच हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो. आमच्याकडं पाचशेचीही मारामार. मधलं अंतर किती, तर सव्वाशे-दीडशे किलोमीटर. पहाटेची एसटी धरली तर माणूस दुपारच्या जेवणाला पोचतो. पाणी मात्र पोचत नाही. ते पोचवायचं म्हटलं की इंजिनिअर लागतो. आणि कुणाला पोचवायचं हे ठरवायचं म्हटलं की इंजिनिअरिंगच्या पुस्तकाबाहेरचं काहीतरी लागतं. त्या दुसऱ्या गोष्टीबद्दल मला लिहायचं आहे. मी शेतकरी माणूस, शाळा दहावीपर्यंत. पण पाण्यानं आमचं आयुष्य घडवलं नि बिघडवलं, तेव्हा या विषयात दोन शब्द बोलायचा हक्क मला आहे असं मी धरून चालतो.

माणदेशात म्हसवडजवळ राजेवाडीचा मोठा तलाव आहे. माणगंगेवरचा. १८७६-७७ च्या भयंकर दुष्काळात लोकांना काम द्यायचं म्हणून इंग्रज सरकारनं ते काम काढलं. आज दीडशे वर्षं होत आली, भिंत उभी आहे, पाणी धरते. काम चोख, यात वाद नाही. पण त्या दुष्काळात कामावरच्या माणसाला मजुरी काय द्यायची यावर मोठा गहजब झाला होता. सर रिचर्ड टेंपल नावाच्या साहेबानं हिशोब बसवला की, दिवसाला एक पौंड धान्य आणि वर थोडे पैसे एवढ्यावर माणूस काम करू शकतो. एक पौंड म्हणजे साडेचारशे ग्रॅम. दिवसभर माती वाहणाऱ्या गड्याला! मुंबई इलाख्यात कितीतरी ठिकाणी माणसं कामं सोडून उठून गेली. पुण्याच्या सार्वजनिक सभेनं गावोगावची माहिती गोळा करून सरकारला अर्जामागून अर्ज केले. दगड किती वजन पेलेल याचं गणित त्या काळीही पक्कं होतं. माणूस किती उपास पेलेल याचं गणित मात्र साहेबानं परस्पर मांडलं, ज्याचं पोट होतं त्याला न विचारता.

त्यानंतर थोड्याच वर्षांनी, १८८३ साली, महात्मा फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिलं. फुल्यांचं मूळ गाव खटाव तालुक्यातलं कटगुण, म्हणजे आमच्या येरळा नदीच्याच मुलखातलं. त्यांना लोक समाजसुधारक म्हणून ओळखतात, पण ते स्वतः बांधकामाच्या ठेकेदारीतले जाणते गृहस्थ होते, खडकवासल्याच्या धरणाच्या कामाशी त्यांचा संबंध आलेला होता. त्यांनी लिहून ठेवलं की जागोजागी ताली घाला, तळी-तलाव बांधा, पावसाचं पाणी शेतात मुरवा, आणि पलटणीतली, पोलिसातली रिकामी माणसं या कामाला लावा. पाणी मुरवण्याचा विचार आज सगळे सांगतात, पण तो आमच्या मातीतल्या माणसानं तेव्हाच सांगितला होता. त्यांच्या सांगण्याचा रोख साधा होता: बांधकाम सरकारच्या शोभेसाठी नसतं, शेवटच्या कुणब्याच्या शेतासाठी असतं.

आता कोयना. स्वातंत्र्यानंतर आमच्या जिल्ह्यानं पाहिलेलं सगळ्यांत मोठं काम. १९५० च्या दशकात सुरू झालं, १९६२ साली पहिली वीज निघाली आणि पुढच्या दोनेक वर्षांत धरण पुरं झालं. १०३ मीटर उंच आणि ८०० मीटरच्या वर लांब भिंत. आजचा साठा १०५ टीएमसी. एक टीएमसी म्हणजे दोन हजार आठशे कोटी लिटरच्या वर, आता गुणाकार ज्याचा त्यानं करावा. पण कोयनेची खरी करामत भिंतीत नाही, डोंगराच्या पोटात आहे. नदी पूर्वेला वाहते, पण इंजिनिअरांनी सह्याद्री पोखरून तिचं पाणी पश्चिमेला वळवलं, पोफळीच्या बाजूला साडेचारशे मीटरच्या वर खोल सोडलं आणि जमिनीखालच्या वीजघरात चाकं फिरवली. पुढं १९९९ साली तर भरलेल्या जलाशयाच्या तळाला खालून भोक पाडून पाणी बोगद्यात घेतलं. आशियात असं काम तोवर झालं नव्हतं. महाराष्ट्रातल्या गिरण्या, कारखाने, मुंबईची रोषणाई आणि आमच्या विहिरींवरच्या मोटारी, सगळ्यांत कोयनेचा वाटा आहे. माझ्या लहानपणी आमच्या गावात पहिला दिवा लागला तेव्हा म्हातारी माणसं त्याला हात जोडत होती. त्या दिव्याची मी निंदा करणार नाही.

पण त्या दिव्याखालचा अंधारही सांगितला पाहिजे. शिवसागर जलाशय भरला तेव्हा कोयनेच्या खोऱ्यातली गावंच्या गावं उठली. कुणाला सोलापूर जिल्ह्यात नेलं, कुणाला ठाणे-रायगडच्या बाजूला, कुणी रत्नागिरीकडं उतरलं, कुणी तिथंच वरच्या डोंगरावर सरकून बसलं. नाचणी-वरीच्या रानातला, पावसात इरलं पांघरून वावरणारा माणूस सोलापूरच्या काळ्या कोरड्या जमिनीत काय करणार? त्या काळात धरणग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदाच नव्हता. महाराष्ट्रात तो १९७६ साली झाला. म्हणजे धरण आधी, कायदा नंतर, बारा-तेरा वर्षांनी. २०१८ साली कोयनानगरात धरणग्रस्तांचं मोठं आंदोलन बसलं. जमीन मागायला बसलेल्यांत धरण होताना पाळण्यात असलेली माणसं होती, त्यांची नातवंडं होती. तीन पिढ्या. डोंगराच्या पोटात बोगदा काढणं अवघड खरं, पण ते आपल्याला वेळेत जमलं. माणसाला जमीन मोजून देणं साखळी-टेपचं काम, ते साठ वर्षं जमलं नाही. मग अवघड नेमकं काय होतं?

आणि मग भूकंप. ११ डिसेंबर १९६७ ची पहाट, चार वाजून गेले होते. मी सात-आठ वर्षांचा होतो. आमच्याकडंही उतरंडीची गाडगी खडखडली आणि दावणीची बैलं उठून उभी राहिली एवढं मला आठवतं. बाकीचं सगळं ऐकलेलं. कोयनानगर आणि आसपासची गावं झोपेतच गाडली गेली. पावणेदोनशेच्या वर माणसं मेली. हा भाग म्हणजे घट्ट काळा दगड, इथं भूकंप होत नाही, असंच तोवर जाणकार धरून चालले होते. जलाशयात पाणी साठू लागल्यापासून लहान धक्के मात्र चालू होते. पुढं जगभरच्या शास्त्रज्ञांनी कोयनेचा अभ्यास केला आणि मोठ्या जलाशयामुळं भूकंपाला चालना मिळते याचं ठळक उदाहरण म्हणून आज कोयनेचंच नाव घेतात.

आता यातली जी गोष्ट मला कायम टोचत आली ती सांगतो. धरण टिकलं. वरच्या अंगाला भेगा गेल्या, पण भिंत उभी राहिली. ती पडली असती तर कऱ्हाड, सांगलीपर्यंत काय झालं असतं याचा विचारसुद्धा नको वाटतो. ज्यांनी ती बांधली त्या इंजिनिअर-मजुरांना दंडवतच घातला पाहिजे. पुढं मागच्या अंगानं काँक्रीटचे टेकू देऊन ती आणखी भक्कम केली. पण पडली काय? घरं. दगड-मातीच्या जाड भिंतींची, वर ओझं असलेली, गरिबाची घरं. माणसं पाण्यात बुडून मेली नाहीत, आपल्याच भिंतीखाली मेली. त्या घरांचं गणित कुणी मांडलंच नव्हतं. भिंतीच्या कोपऱ्यात दगड एकमेकांत कसा गुंतवावा, लांब दगड आरपार कसा घालावा, दाराच्या वर लाकडाचा किंवा सिमेंटचा पट्टा सलग कसा फिरवावा, एवढी साधी माहिती गवंड्याला मिळाली असती तरी कितीतरी जीव वाचले असते. ही विद्या काही स्वर्गातली नव्हे. पण विद्या जिथं पैसा ओततात तिथं जाते. धरणावर ती पोचली, धरणाखालच्या वस्तीत पोचली नाही.

१९७२ च्या दुष्काळात मी बारा वर्षांचा होतो. आई, वडील, मी, आम्ही तिघंही खडी फोडायला जायचो. लाल मिलो खायचो, पोरांना सुकडी मिळायची. संध्याकाळी मुकादम खडीच्या ढिगाला टेप लावायचा. शंभर घनफुटाचा एक ब्रास. तिथंच मला घनफळ समजलं, शाळेत नंतर. वडील म्हणायचे, “आरं, ब्रास मोजत्यात, पर फोड कुनी मोजत न्हाई.” हाताला आलेल्या फोडाबद्दल ते बोलत होते. त्या कामांतून रस्ते झाले, पाझर तलाव झाले, त्यातले काही अजून पाणी धरतात. पण पाझर तलावाचं पाणी ज्याची विहीर जवळ त्याच्याच विहिरीत उतरायचं. ज्यांनी पाट्या वाहिल्या त्यांतल्या निम्म्यांना विहीरच नव्हती.

याच दुष्काळानंतर पुरंदर तालुक्यात विलासराव साळुंखे यांनी पाणी पंचायतीचं काम सुरू केलं. ते स्वतः इंजिनिअर, पुण्यात त्यांचा कारखाना. त्यांनी नियम घातला तो असा: पाणी जमिनीच्या एकरावर नाही, घरातल्या माणसांवर वाटायचं. भूमिहीनालाही पाण्याचा हक्क. ऊस लावायचा नाही. ऐकायला हे कीर्तनासारखं वाटतं, पण त्यांनी ते पाइपलाइन टाकून, पाळ्या बांधून, हिशोबाच्या वह्या ठेवून करून दाखवलं. माणुसकी वहीत उतरली की मगच ती टिकते, हे मी त्यांच्या कामावरून शिकलो.

आता आमच्या येरळेकडं येतो. येरळा खटावच्या डोंगरात उगवते, वडूजवरून खाली येते आणि सांगली जिल्ह्यात ब्रह्मनाळला कृष्णेला मिळते. बारमाही नदी ती कधीच नव्हती. पण तिच्या पात्रात पुरुष-पुरुष वाळू होती, आणि वाळू म्हणजे नदीची कोठार. वरून कोरडी दिसली तरी पोटात पाणी धरून ठेवायची. उन्हाळ्यात हातभर उकरलं की झरा लागायचा, बाया वाटीनं भरून घागरी न्यायच्या. काठच्या विहिरी त्यावरच जगायच्या. मग शहरं वाढली, सिमेंटची घरं वाढली आणि वाळूला सोन्याचा भाव आला. लिलाव झाले, ट्रक उतरले. १९८० च्या दशकात आमच्या डोळ्यांदेखत पात्र खरवडून निघालं, विहिरींचं पाणी खाली गेलं. वाळू मोजायचं मापही ब्रासच. किती ब्रास गेली याची पावती होती. किती विहिरी आटल्या याची पावती कुणाकडंच नव्हती.

१९८२ च्या जानेवारीत मुंबईत गिरणी कामगारांचा संप झाला. आमच्या तालुक्यातली घरटी एक-दोन माणसं गिरणीत होती. ती गावी परतली, ती बरीचशी कायमचीच. घरात खाणारी तोंडं वाढली, रानात पाणी नाही. पण या माणसांना संघटना म्हणजे काय ते ठाऊक होतं. यातूनच खानापूर तालुक्यात मुक्ती संघर्ष चळवळ उभी राहिली. कासेगावचे डॉ. भारत पाटणकर यांचा त्यात मोठा भाग होता. नुसती दुष्काळी कामं मागायची नाहीत, दुष्काळ हटवायचा, असा विचार पुढं आला. गावागावांत बसून लोकांनी विचारलं, पाऊस खरंच कमी झाला का? पिकं कोणती बदलली? विहिरी कधी आटल्या? म्हातारे, बाया, गुराखी, सगळ्यांची साक्ष काढली. मला वाटतं, आमच्या भागातला तो पहिला खरा सर्व्हे.

आणि मग बलवडी आणि तांदुळवाडी या दोन गावांनी येरळेवर स्वतःचं धरण बांधायचं ठरवलं. पैसा कुठनं आणायचा? तर नदीतल्याच वाळूतनं. ठेकेदार ट्रकामागून ट्रक नेतो, त्यातला थोडा वाटा गावानं विकायचा आणि त्यातनं पाणी अडवायचं. वाळू गावाची की सरकारची, इथनं भांडण सुरू झालं. मोर्चे निघाले, अर्ज झाले, शेवटी परवानगी पदरात पडली. आराखड्यासाठी मुंबईचे जाणते सल्लागार इंजिनिअर के. आर. दाते पुढं आले. बाहेरच्या लोकांनी मदत केली, कॉलेजची पोरं श्रमदानाला आली. मी शेजारच्या गावचा, भाकरी बांधून मीही काही दिवस गेलो. तिथं एक गोष्ट पाहिली ती मनात बसली. शिकलेली माणसं कागद पसरून बसायची आणि भोवती धोतर-पटक्यातली माणसं उकिडवी बसायची. कुणी म्हातारा म्हणायचा, “सायेब, हितं पुराचं पानी अंगावर येतंय, त्या अंगाला रेटा जास्त हाय.” कागद गुंडाळून सगळे नदीत उतरायचे, म्हातारा काठीनं रेघ ओढून दाखवायचा. कुणी कुणाला अडाणी म्हणत नव्हतं.

१९९० च्या सुमारास पाणी अडलं. नाव ठेवलं बळीराजा स्मृती धरण. दिवाळीला आमच्या बाया ओवाळताना बळीचं राज्य येवो म्हणतात, तो बळी. कोयनेच्या मानानं हे धरण म्हणजे हत्तीपुढं शेळी. पण त्याचा नियम मोठा होता. पाणी दोन्ही गावांतल्या सगळ्या कुटुंबांना, सारख्या वाट्यानं. ज्याला जमीन नाही त्यालाही. भूमिहीनानं आपला पाण्याचा वाटा घेऊन दुसऱ्याचं रान वाट्यानं करावं. उसाला पाणी नाही. काही जमिनीत झाडं लावायची. हे सगळं भिंत उभी राहायच्या आधी ठरलं होतं, हे महत्त्वाचं. आधी वाटणी, मग बांधणी. भिंत आधी झाली असती तर ज्याचं रान काठाला आणि ज्याची मोटार मोठी, त्यानं वाटणी परस्पर केली असती.

सगळं सोन्याचं झालं असं मी म्हणणार नाही. नदीला पाणी कमी आलं की धरण तरी काय करणार? पण त्या छोट्या भिंतीनं मोठा सवाल उभा केला. १९९३ पासून आटपाडीला पाणी परिषदा भरू लागल्या. वाळव्याचे क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी, सांगोल्याचे गणपतराव देशमुख, भारत पाटणकर असे सगळे एका मांडवात आले. सातारा, सांगली, सोलापूर जिल्ह्यांतले दुष्काळी तालुके कृष्णेच्या पाण्यातला आपला वाटा मागू लागले. हजारो माणसं भर उन्हात बसायची. नागनाथअण्णांचं स्वतःचं वाळवं कृष्णेकाठचं, बागायती. आपल्या पुढ्यातलं पाणी दुसऱ्याला द्या म्हणून लढणारा माणूस मी तो एकच पाहिला.

आज टेंभू, ताकारी, म्हैसाळ या योजनांचं पाणी आमच्या माळावर येतं. कऱ्हाडजवळ टेंभूला कृष्णेचं पाणी उचलतात आणि पाच टप्प्यांत वर चढवतात. ज्या माळावर कुसळं उगवायची तिथं आज डाळिंब आहे, द्राक्ष आहे. पहिलं पाणी आलं तेव्हा बायांनी त्याची ओटी भरली, आणि ते योग्यच झालं. पण जरा गंमत बघा. तिकडं कोयनेत पाणी खाली टाकून वीज काढतात. कृष्णा लवादानं ठरवून दिलेलं साडेसदुसष्ट टीएमसी पाणी वर्षाला पश्चिमेला जातं आणि शेवटी समुद्राला मिळतं. इकडं आम्ही वीज जाळून पाणी वर चढवतो. दोन्हीकडं इंजिनिअर आपापल्या जागी बरोबर आहेत. पण ही दोन गणितं एका पाटीवर मांडून कुणाचं किती भलं झालं हे बघणारा कोण? आणि इतकं महाग उचललेलं पाणी शेवटी कुठं जातं? बरंचसं उसात. पाटाच्या तोंडाला ऊस डुलतो आणि टेलचा शेतकरी रात्री बॅटरी घेऊन चारीवर बसून राहतो. आटपाडीकडं बंदिस्त नळानं पाणी देऊन समन्यायी वाटपाची वाट धरली, ती चळवळीच्या रेट्यामुळंच. नळ ही इंजिनिअरची वस्तू, समन्याय ही चळवळीची. दोन्ही एकत्र आल्या तरच टेलला पाणी पोचतं.

सांगलीचं वालचंद कॉलेज १९४७ पासूनचं, कऱ्हाडचं सरकारी कॉलेज १९६० पासूनचं. आता तर आमच्या भागात घरटी एक पोरगा-पोरगी इंजिनिअरिंग शिकते. माझा पुतण्याही सिव्हिल शिकला. तो मला म्हणाला, “आबा, आम्ही सांगितलेलं डिझाईन करतो. कुणाला पाणी द्यायचं ते वरचे ठरवतात. त्यात आमचा काय संबंध?” मी म्हटलं, “लेका, चारीचं तोंड कुठं काढायचं ते नकाशावर कोण दाखवतं?” तो म्हणाला, “आम्हीच.” मी म्हटलं, “मग झालं की. त्या तोंडाच्या खाली कुणाचं रान आहे, आणि वर कुणाची वस्ती कोरडी राहिली, हे बघणं तुझ्याच पेन्सिलीच्या टोकाला आहे.” तो हसला, पण गप्प झाला.

त्याला मी तीन गोष्टी लिहून दिल्या, त्याच इथं देतो. कुठलंही काम हातात घेताना विचारावं: यानं उठणार कोण, आणि त्याची सोय काम सुरू व्हायच्या आधी झाली का? यातला वाटा शेवटच्या माणसाला मिळणार का, आणि तो कुठल्या वहीत लिहिला आहे? आणि उद्या काही मोडलं-पडलं तर पहिल्यांदा कुणाच्या अंगावर पडणार? कोयनेला हे तीन सवाल वेळेवर विचारले गेले नाहीत. बळीराजाला विचारले गेले. म्हणून शंभर मीटरच्या भिंतीला हात जोडत असतानाही, येरळेतल्या त्या बुटक्या भिंतीपाशी आलो की मी चप्पल काढतो.